चाळीस सेकंदांचा चेहरा

"मेला का तो?" अस्सुंतानं विचारलं.

काउंटरवर नुकताच प्लास्टिकचा पडदा बसवला होता, त्यामुळे आपण काहीतरी भलतंच ऐकलं असं प्रसन्नला वाटलं. २०२० चा मे महिना होता. दर शुक्रवारी संध्याकाळी तो आयर्लंडमधल्या ड्रोहेडा गावातल्या या दुकानातून फिश अँड चिप्स न्यायचा आणि पुडी बांधून होईपर्यंत अस्सुंताशी इटालियनमध्ये बोलायचा. पीएचडीसाठी शिकलेली भाषा जिभेवर राहावी, एवढाच हेतू. डब्लिनची युनिव्हर्सिटी मार्चपासून बंद होती आणि गावात इटालियन बोलणारं दुसरं कुणी त्याला माहीत नव्हतं. त्या दिवशी तिनं सहज विचारलं, तू अभ्यास कशाचा करतोस? त्यानं ओरेस्ते बेविलानी या दिग्दर्शकाचं नाव घेतलं.

"नाही," प्रसन्न म्हणाला. "एक्याण्णव वर्षांचा आहे. रोमला असतो."

"वाईट झालं," अस्सुंता म्हणाली. तिनं तेलातली जाळी वर उचलली, दोनदा झटकली, बटाटे कागदावर ओतले आणि व्हिनेगर हवं का, ते विचारलं.

घरी येईपर्यंत चिप्स गार झाले. प्रसन्न रस्त्यात तीनदा थांबला होता. साठीला आलेल्या त्या बाईचा चेहरा त्याला आठ वर्षांच्या एका मुलीच्या चेहऱ्यावर बसवून पाहायचा होता. कपाळ जुळत होतं. वरचा ओठ जुळत होता.

प्रसन्न चौतीस वर्षांचा होता. मूळचा नाशिकचा. मुंबईत सहा वर्षं त्यानं मालिकांच्या सेटवर सहाय्यक म्हणून काढली, त्यातली चार वर्षं कलाकारांना मेकअप रूममधून बोलावून आणण्यात गेली. स्वतःची फिल्म होईल ही आशा हळूहळू बोलण्यातून गेली, पण मनातून गेली नव्हती. उल्का मिरजेला एमबीबीएस झालेली. आयर्लंडच्या सरकारी हॉस्पिटलात तिला नोकरी मिळाली तेव्हा तो तिच्याबरोबर आला. आल्यावर वर्षभर त्यानं घर सांभाळलं. मग उल्कानंच अर्ज आणून दिला, म्हणाली, "तुला सिनेमाशिवाय दुसरं काही येत नाही. मग तेच शीक."

बेविलानीची निवड त्यानं स्वतः केली होती. या माणसानं एकतीस वर्षांत त्रेचाळीस सिनेमे केले होते आणि एकही दुसऱ्यासारखा नव्हता. सुरुवात रोमन मल्लांच्या पोशाखी सिनेमांनी. मग विनोदी. मग स्पेनच्या माळावर जाऊन, अमेरिकन वाटेल असं टोपणनाव घेऊन, बंदुका आणि घोड्यांचे सिनेमे. भुताटकी, पोलीस, एक संगीतिका, ननच्या शाळेसाठी दातांच्या निगेवर वीस मिनिटांची फिल्म, शेवटी टीव्हीवरची न संपणारी मालिका. चार वेगवेगळ्या नावांनी त्यानं काम केलं. समीक्षकांनी त्याला हरकाम्या म्हणून बाजूला ठेवलं होतं. प्रसन्नचं म्हणणं असं होतं, की या सगळ्या पसाऱ्यात एक गोष्ट कायम आहे. प्रत्येक सिनेमात कुठेतरी एक चेहरा येतो, अगदी जवळून, आणि त्या चेहऱ्यावर जे असतं तो अभिनय नसतो.

त्यातला सर्वांत मोठा चेहरा १९६९ च्या 'शेवटची मेंढरं' या सिनेमातला होता. धनगराच्या मुलीला कळतं की भाऊ आता परत येणार नाही. कॅमेरा चाळीस सेकंद हलत नाही. मुलगी रडत नाही. आधी तिला कळत नाही, मग कळतं, मग ते खोटं असेल या आशेनं ती समोरच्याकडे पाहते, आणि ती आशाही जाताना आपल्याला दिसते. प्रसन्ननं तो शॉट दोनशे वेळा तरी पाहिला असेल. श्रेयनामावलीत मुलीचं नाव नव्हतं. नुसतं 'मुलगी'.

अस्सुंतानं आपली गोष्ट सांगायला जुलै उजाडला. दुकान चारला उघडायचं. त्याआधी ती मागच्या दारी बटाट्यांच्या रिकाम्या पोत्यांवर बसून सिगरेट ओढायची. तिचा नवरा रोक्को आत मासे कापत असायचा आणि मध्येच येऊन तिच्या बोटांतली सिगरेट काढून दोन झुरके मारून परत द्यायचा. पस्तीस वर्षांचा संसार होता. मूलबाळ नव्हतं.

"आमच्या डोंगरातल्या गावांतून निम्मी माणसं इकडे आयर्लंडला येऊन चिप्स तळतात," ती म्हणाली. "माझा बाप पण आला होता. मी पाच वर्षांची होते. मग तीन वर्षांनी हा सिनेमावाला गावात आला. त्याला मेंढरं हवी होती, डोंगर हवा होता आणि एक मुलगी. मी उभी राहिले की ऊन डोळ्यात जाऊ नये म्हणून तो स्वतःची टोपी माझ्या डोक्यावर ठेवायचा. मला तो फार आवडायचा."

"आणि तो शॉट?"

"त्या दिवशी मला रडायला येईना. चार वेळा केलं. मग तो उठून गेला, आणि आला तो हातात तार घेऊन. माझ्यासमोर गुडघ्यावर बसला. म्हणाला, आयर्लंडहून तार आलीय. तुझे वडील वारले."

आत रोक्कोची सुरी फळीवर आपटत होती.

"मी आईकडे पाहिलं. ती कॅमेऱ्याच्या शेजारी माझा कोट घेऊन उभी होती. तिला विचारलं होतं त्यानं आधी. ती हो म्हणाली होती. मी तिच्याकडे पाहत होते, तिनं मान हलवावी म्हणून. तिनं मान खाली घातली. तेच आहे तुझ्या सिनेमात. मी भावासाठी वगैरे रडत नाहीय. मी आईकडे बघतेय."

"नंतर?"

"नंतर त्यानं टाळ्या वाजवल्या. सगळ्यांनी वाजवल्या. म्हणाला गंमत केली, आणि मला एक संत्रं दिलं." तिनं सिगरेट विझवली. "बापाची पत्रं यायची, ती मला खोटी वाटायची. आईनं कुणाकडून तरी लिहून घेतली असतील असं वाटायचं. अकरा वर्षांची झाले तेव्हा आम्ही बोटीनं इकडे आलो. धक्क्यावर एक जाडा माणूस रडत उभा होता. मी त्याला हात लावून पाहिला."

उल्का त्या संध्याकाळी ड्युटीवरून आली तेव्हा प्रसन्न स्वयंपाकघरात येरझाऱ्या घालत होता. पोळ्या तशाच राहिल्या होत्या. त्यानं तिला सगळं सांगितलं. सांगताना त्याचा आवाज चढत गेला.

"किती दुष्ट माणूस," उल्का म्हणाली.

"हो, पण कळतंय का तुला? माझ्या सगळ्या थिअरीला पुरावा मिळाला. तो दर वेळी हेच करत होता. घोड्यावरच्या नटाला शॉटच्या आधी सांगितलं, तुझा घोडा उद्या गोळी घालून मारणार. भुताच्या सिनेमातल्या बाईला खऱ्या तळघरात तीन तास कोंडलं. विनोदी नटाला त्याच्या बायकोचं प्रकरण सांगितलं आणि लगेच कॅमेरा चालू. मी नुसतं तुकड्यातुकड्यांत वाचलं होतं. त्रेचाळीस सिनेमे, उल्का, आणि युक्ती एकच!"

"प्रसन्न, तू आनंदानं सांगतोयस."

"आनंदानं नाही. एक्साइट झालोय फक्त."

"बरं," उल्का म्हणाली आणि कणीक काढायला प्रेस उघडलं. कपाटाला प्रेस म्हणायची सवय तिला हॉस्पिटलातल्या नर्सेसमुळे लागली होती.

बेविलानीशी प्रसन्नचं व्हिडिओवर बोलणं त्या आधीपासूनच चालू होतं. म्हातारा रोमच्या फ्लॅटमध्ये एकटा, सांभाळणाऱ्या बाईबरोबर कोंडलेला, बोलायला आसुसलेला. कानानं अधू, पण डोळे तल्लख. आपल्याला कुणीतरी भारतातून येऊन आयर्लंडमध्ये बसून अभ्यासतंय, याचं त्याला फार हसू यायचं. "नटाला रड म्हटलं की तो रडण्याचा अभिनय करतो," तो एकदा म्हणाला. "त्याच्याकडून काहीतरी काढून घ्यावं लागतं. मग त्याला अभिनय करायला वेळच उरत नाही. तू कधी केलंयस का? तू दिग्दर्शक आहेस ना?"

"नाही," प्रसन्न म्हणाला. "म्हणजे, व्हायचं होतं."

"मग तू वाचणारा आहेस," म्हातारा म्हणाला. "चांगलं आहे. कुणीतरी वाचलंही पाहिजे."

हे वाक्य प्रसन्ननं उल्काला सांगितलं नाही. पण ऑक्टोबरात त्यानं गाईडला मेल लिहून प्रबंधाचं स्वरूप बदलून घेतलं. आता अर्धा प्रबंध लिखित असणार होता आणि अर्धी एक फिल्म. फिल्मच्या मध्यभागी अस्सुंता आणि बेविलानी, बावन्न वर्षांनी समोरासमोर. एक दुकानात, दुसरा लॅपटॉपवर.

अस्सुंता आधी नाही म्हणाली. तिला हो म्हणायला लावलं रोक्कोनं. "एकदा त्याच्या तोंडावर बोल," तो म्हणाला. "मेल्यावर काय बोलणार?" तिनं डिसेंबरात संमतीपत्रावर सही केली. त्या महिन्यात सगळं उघडलं होतं, पबसुद्धा, आणि ख्रिसमसला लोक एकमेकांच्या घरी जेवून आले. जानेवारीच्या पहिल्या आठवड्यात उल्काच्या आयसीयूत खाटा पुरेनात. चार तारखेला रोक्कोला तिथे आणलं. सात तारखेला त्याला व्हेंटिलेटरवर घातलं. घातलं ते उल्कानंच. नळी घालण्याआधी त्यानं तिला विचारलं होतं, तुझा नवरा अजून ते कॅमेऱ्याचं करतोय ना? ती हो म्हणाली. "मग तिला कामात ठेव म्हणावं," रोक्को म्हणाला.

चित्रीकरण एकोणीस जानेवारीला, दुपारी दोन वाजता ठरलं. अस्सुंताचं विलगीकरण संपलं होतं. दुकान चारला उघडणार होतं. प्रसन्ननं सकाळीच तिला फोन करून पुन्हा विचारलं, नको असेल तर पुढे ढकलू या. मनातून त्याला भीती होती की ती हो म्हणेल. म्हातारा ब्याण्णवचा होत होता.

"नको, ये," ती म्हणाली. "घरी बसून मी भिंती पुसतेय."

त्यानं कॅमेरा काउंटरच्या बाहेर लावला. तिला भट्टीसमोर उंच स्टुलावर बसवलं. लॅपटॉप तिच्या समोर, कॅमेऱ्याच्या किंचित खाली. भट्ट्या, फ्रिज, पंखा, सगळं बंद केलं, कारण आवाज येत होता. दुकानाच्या फोनची वायर काढली. मग म्हणाला, "तुमचा मोबाइलही बंद करा ना."

अस्सुंतानं मोबाइल हातात घेतला आणि तशीच बसली. "हॉस्पिटलातून आला तर?"

"उल्का आज ड्युटीवर आहे. तिला माहीत आहे आपण इथे आहोत. काही असलं तर ती मलाच कळवेल. माझा चालू आहे, सायलेंटवर." त्यानं तो दाखवला आणि मांडीवर ठेवला.

तिनं मोबाइल बंद केला.

पहिला अर्धा तास वाया गेला. बेविलानीनं तिला ओळखलं नाही, किंवा ओळखलं नाही असं दाखवलं. त्यानं त्या गावातल्या वाइनची आठवण काढली, मेंढरांपैकी दोन चोरीला गेल्याचं सांगितलं. अस्सुंता हात मांडीवर ठेवून ऐकत होती. तिनं ठरवलेलं बोलणं तिच्या तोंडून निघत नव्हतं. फिल्म हातची जात होती.

मग अचानक तिनं विचारलं, "माझ्या आईला तुम्ही काय सांगितलं होतंत?"

म्हातारा थांबला. चष्मा काढला. "तुझ्या आईला?"

त्याच क्षणी प्रसन्नच्या मांडीवर फोन थरथरला. उल्काचे दोन मिस्ड कॉल आधीच येऊन गेले होते, ते त्याला कळले नव्हते. आता मेसेज होता. 'अस्सुंताला लगेच पाठव. रोक्को जातोय. तासभरही नाही. तिला आत सोडतील, मी बोलून ठेवलंय.' वेळ दोन चाळीस.

प्रसन्ननं वाचलं. पुन्हा वाचलं. समोर म्हातारा चष्मा पुसत होता आणि अस्सुंता पुढे झुकली होती. इतक्या महिन्यांत तिचा चेहरा असा उघडा त्यानं पाहिला नव्हता. एक उत्तर येऊ दे, त्यानं ठरवलं. दोन मिनिटं. त्यानं फोन मांडीवर पालथा ठेवला.

उत्तर दोन मिनिटांत संपलं नाही. बेविलानीनं आधी सांगितलं की आईला काहीच विचारलं नव्हतं, मग सांगितलं की विचारलं होतं, मग सांगितलं की कल्पनाच तिची होती. "ती म्हणाली, ही पोर बापाचं नाव काढलं की रडते. मी काय, मी तर सुचेल ते वापरतो." अस्सुंता खोटं, खोटं म्हणत राहिली. तो तपशील देत राहिला, आईनं कोणती शाल घेतली होती ते, ती तारेचा कागद कुठून आणू म्हणाली ते. खरं असो की नसो, एकेक तपशील अस्सुंताला लागत होता आणि कॅमेरा ते टिपत होता. फोन आणखी दोनदा थरथरला. प्रसन्ननं खाली पाहिलं नाही. शेवटी अस्सुंता गप्प झाली, म्हाताराही दमून गप्प झाला, तेव्हा तिच्या मागच्या भिंतीवरच्या घड्याळात तीन वाजून दोन मिनिटं झाली होती.

"अस्सुंता," प्रसन्न म्हणाला. "उल्काचा मेसेज आलाय. तुम्हाला लगेच हॉस्पिटलला जावं लागेल. रोक्को... फार वेळ नाही."

तिनं त्याच्याकडे पाहिलं. मग कॅमेऱ्यावरच्या लाल दिव्याकडे. मग लॅपटॉपकडे, जिथे म्हातारा कानामागे हात धरून 'काय म्हणतोय तो?' असं विचारत होता. तिच्या चेहऱ्यावर हळूहळू एक ओळख उमटली.

"तू पण?" ती म्हणाली.

"नाही. नाही, हे खरं आहे."

"दोघांनी मिळून ठरवलंत." ती हसायला लागली. हसताना तिचे खांदे हलत होते. "बापरे. मला वाटलं तू साधा मुलगा आहेस. बापाच्या जागी नवरा. बस?"

"अस्सुंता, मी शपथ घेऊन सांगतो."

"तोही शपथच घेत होता. खरं असेल तर ते मशीन बंद कर."

प्रसन्नचा हात कॅमेऱ्याकडे गेला. नंतर त्यानं स्वतःला अनेकदा सांगितलं की आपण गोंधळलो होतो, बटण सापडलं नाही. पण बटण कुठे आहे ते त्याला माहीत होतं. तिच्या चेहऱ्यावर त्या वेळी हसू होतं आणि हसण्याखालून काहीतरी वर येत होतं, आणि ते अजून पुरतं आलं नव्हतं. हात कॅमेऱ्याजवळ पोचला आणि तिथेच राहिला.

अस्सुंतानं तो हात पाहिला. "बघ," ती म्हणाली आणि स्टुलावरून उतरून भट्टी पेटवायला वळली.

लॅपटॉपमधून म्हाताऱ्याचा आवाज आला. "ब्राव्हो! हलवू नकोस. तिला फ्रेममधून जाऊ दे, परत येईल. नवरा! मला हे सुचलं नसतं."

प्रसन्ननं उल्काला फोन लावला. ती उचलेना. ती त्या वेळी दोन हातमोजे आणि गाऊन घालून रोक्कोच्या खाटेशी उभी होती. त्यानं मेसेज उघडून अस्सुंतासमोर धरला. तो मराठीत होता. तिनं अक्षरांकडे पाहिलं आणि मान फिरवली. "काहीही लिहिलं असेल," ती म्हणाली. तो तिच्या मागेमागे काउंटरच्या आत गेला, विनवण्या करायला लागला, इंग्रजीत, इटालियनमध्ये, आणि जितका विनवत गेला तितकी तिची खात्री होत गेली. अखेर नुसतं त्याला गप्प करण्यासाठी तिनं स्वतःचा मोबाइल चालू केला. तो चालू होता होता वाजायला लागला. नऊ मिस्ड कॉल, हॉस्पिटलच्या नंबरवरून.

ती ॲप्रनवरच धावत सुटली. तीन वाजून सोळा मिनिटांनी. कॅमेरा चालूच होता.

रोक्को तीन एकोणीसला गेला. अस्सुंता वॉर्डच्या दारात पोचली तेव्हा साडेतीन झाले होते. तिला गाऊन चढवून आत नेलं. उल्कानं तिला धरलं. तिला धरून उभं राहण्याला त्या महिन्यात परवानगी नव्हती, पण तिथे कुणी काही बोललं नाही.

दफनाला दहा माणसं होती. तीन आठवड्यांनी प्रसन्न ट्युलिपची फुलं घेऊन अस्सुंताकडे गेला. तिनं दार उघडलं आणि तो काही बोलायच्या आत म्हणाली, "तू सांगितलं होतंस. मीच ऐकलं नाही. चौदा मिनिटं मी हसत होते."

त्या वेळी त्याला बोलता आलं असतं. त्याच्या मनात वाक्यही तयार होतं. पण तिनं त्याला आत बोलावलं, चहा केला, आणि म्हणाली की तू चांगला मुलगा आहेस, मी तुला काय काय बोलले. तो चहा प्यायला. निघताना त्यानं विचारलं, फिल्मचं काय करू? "ठेव," ती म्हणाली. "निदान लोकांना कळेल त्या म्हाताऱ्यानं माझं काय केलं ते. माझा विश्वासच मारून टाकला त्यानं." एप्रिलमध्ये त्यानं तिच्याकडून हेच पुन्हा कॅमेऱ्यासमोर बोलून घेतलं. फिल्मचा शेवट त्याला मिळाला.

उल्कानं ती फिल्म मे महिन्यात पाहिली, एका रविवारी, तो आंघोळीला गेला असताना. लॅपटॉप उघडाच होता. तिला पूर्ण पाहायची नव्हती. पण अस्सुंता हसायला लागली तिथे ती थांबली, मागे गेली, आणि पुन्हा पाहिलं. तिच्या मागच्या भिंतीवर घड्याळ होतं. उल्कानं आपला फोन काढला आणि जानेवारीतल्या मेसेजपर्यंत बोट सरकवत गेली. दोन चाळीस. शेजारी दोन निळ्या खुणा. त्यावर बोट दाबून धरलं की वाचल्याची वेळ कळते. दोन एक्केचाळीस.

प्रसन्न डोकं पुसत बाहेर आला.

"तू मला म्हणाला होतास की मेसेज उशिरा दिसला," उल्का म्हणाली.

त्यानं स्क्रीनकडे पाहिलं आणि टॉवेल खुर्चीवर टाकला. "ते घड्याळ मी क्रॉप करणार आहे," तो म्हणाला.

म्हटल्यावर त्याचं त्यालाच कळलं की काय बोललो. पण ते बोलून झालं होतं.

"एकवीस मिनिटं, प्रसन्न."

"मला वाटलं दोन मिनिटांत होईल. उल्का, तिला लगेच सांगून काय झालं असतं? रोक्को वाचणार होता?"

"नाही."

"मग?"

"मी त्याला सांगत होते, येतेय, येतेय. त्याचा हात धरून. त्याला ऐकू येत होतं की नाही मला माहीत नाही. एकवीस मिनिटं मी सांगत होते."

प्रसन्न बसला. टॉवेलची घडी करत तो म्हणाला, "तिला सांगू नकोस. माझ्यासाठी नाही. ती आता कुठे सावरतेय."

"ती स्वतःला दोष देतेय आणि तू तो दोष एडिट करतोयस."

"तिनं स्वतः परवानगी दिलीय."

उल्का उठली आणि बेडरूममध्ये गेली. तिथून बॅग भरण्याचा आवाज येईल अशी त्याला भीती वाटली, पण ती झोपली. दुसऱ्या दिवशी तिची ड्युटी होती. बॅग भरली ती त्यानंच, जूनमध्ये. डब्लिनला बॉल्सब्रिजजवळ एका मित्राची खोली रिकामी होती. फिल्मची डेडलाइन आहे, एवढंच दोघांनीही घरच्यांना सांगितलं.

तो गेल्यावर चार दिवसांनी उल्का दुकानात गेली. चारला दहा मिनिटं कमी होती. अस्सुंतानं शटर अर्धं वर करून तिला आत घेतलं, बटाटे सोलायचं मशीन बंद केलं आणि विचारलं, "तुझा नवरा दिसला नाही बरेच दिवस. ग्रँड आहे ना, बरा?"

उल्कानं सांगितलं. वाटेत तिनं वाक्यं जुळवली होती, हॉस्पिटलात नातेवाइकांना सांगतात तशी, छोटी आणि स्पष्ट. मेसेज किती वाजता गेला. किती वाजता वाचला गेला. तुम्हाला किती वाजता सांगितलं.

अस्सुंतानं मध्ये एकदाही तोडलं नाही. ऐकून झाल्यावर तिनं विचारलं, "लगेच सांगितलं असतं, आणि मी तेव्हाही चौदा मिनिटं हसले असते, तरी पोचले असते?"

उल्का डॉक्टर होती. असल्या प्रश्नाला सांगता येत नाही असं उत्तर देता येतं, आणि त्या वर्षी तिनं ते शंभरदा दिलं होतं.

"हो," ती म्हणाली. "दहाएक मिनिटं मिळाली असती."

अस्सुंतानं मान डोलावली. मशीनमधला एक बटाटा उचलून त्याचा राहिलेला डोळा अंगठ्यानं काढायला लागली.

"तुला कधी कळलं?"

"मे महिन्यात."

"आज जून आहे."

"हो."

"तो गेल्यावर आलीस." तिचा आवाज चढला नव्हता. "माझ्या चुकीबरोबर मी राहत होते. रोज सकाळी उठून मी त्याची माफी मागायचे, रोक्कोची, आणि मग दुकान उघडायचे. जमत होतं मला. आता मी काय करू? तुझ्या नवऱ्याला शिव्या देत उठू? आणि तुला हलकं वाटतंय ना आता?"

उल्कानं मान खाली घातली. कारण वाटत होतं.

"जा, पोरी," अस्सुंता म्हणाली. "परत येऊ नकोस. शटर तसंच राहू दे, उघडायची वेळ झालीय."

अस्सुंतानं युनिव्हर्सिटीला पत्र लिहिलं, संमती मागे घेते म्हणून. समितीची एक ऑनलाइन बैठक झाली. प्रसन्ननं तिचा एप्रिलचा जबाब सादर केला, त्यात ती स्वतः म्हणत होती, यानं मला सांगितलं होतं. समितीनं खेद व्यक्त केला आणि फिल्म राहू दिली. सप्टेंबरमध्ये एका ऑनलाइन महोत्सवात तिला परीक्षकांचं खास पारितोषिक मिळालं. परीक्षकांच्या टिपणात त्या चौदा मिनिटांच्या अखंड शॉटचा उल्लेख होता, ज्यात हसणारी बाई हळूहळू विश्वास ठेवते. बेविलानी रोमहून समारंभात हजर होता. त्याला बोलायला दोन मिनिटं दिली होती, तो नऊ मिनिटं बोलला. म्हणाला, मी त्रेचाळीस सिनेमे केले, सगळ्या प्रकारचे, पण मला शिष्य एकच मिळाला. पडद्यावरच्या चौकोनात प्रसन्न काळ्या शर्टात बसला होता. त्यानं हात जोडले.

उल्का त्याआधीच कॉर्कच्या हॉस्पिटलात बदलून गेली होती. समारंभाची लिंक तिला कुणीतरी पाठवली होती. तिनं ती उघडली नाही. त्या आठवड्यात तिच्या वॉर्डात रिंगास्किडीच्या औषध कारखान्यातला एक माणूस अत्यवस्थ होता आणि त्याची बायको बाहेर गाडीत बसून होती. उल्का स्वतः जिना उतरून तिला बोलवायला गेली.